नऊशे येनचा केक

नोरिको अठ्ठावीस वर्षांची, टोकियोतल्या एका ऑफिसात नोकरी करणारी. एका संध्याकाळी ती घरी येताना केक घेऊन येते आणि रात्री, मुलं झोपल्यावर, वहिनीबरोबर तो कापायला बसते. किंमत नऊशे येन आहे हे कळल्यावर वहिनी हबकतेच. तेवढ्यात शेजारचा केन्किची येतो, त्याच्याही पुढे एक तुकडा सरकवला जातो. मग वहिनीचा छोटा मुलगा मिनोरू डोळे चोळत खोलीत शिरतो आणि तीन मोठी माणसं घाईघाईने केक टेबलाखाली दडवतात. यासुजिरो ओझूच्या ‘अर्ली समर’ (१९५१) या चित्रपटातला हा प्रसंग आहे. याच चित्रपटात मिनोरूचे वडील एक पुडकं आणतात. आगगाडीच्या खेळण्यातले रूळ आले म्हणून पोरगा हरखतो आणि आत पाव निघाल्यावर चिडून तो लाथाडतो. वडिलांचा संताप अनावर होतो. अन्नाला पाय लावायचा नाही, ही शिकवण रेशनच्या आणि उपासमारीच्या दिवसांतून नुकत्याच बाहेर आलेल्या माणसाची आहे. बापाला पाव देवासारखा, मुलाला रूळ हवेत आणि आत्या स्वतःच्या पगारातून नऊशे येनचा केक आणते. एकाच छपराखाली तीन वेगवेगळ्या काळांची माणसं राहतात हे ओझूने एका शब्दाचंही भाष्य न करता, फक्त खाण्याच्या वस्तूंमधून मांडलं आहे.

युद्धोत्तर जपानी कौटुंबिक चित्रपटांबद्दल जगभर एक ठरीव समज रूढ झालेला आहे. ओझूचं नाव निघालं की शांतता, अनित्यता, झेन, रिकामी खोली, दूर जाणारी आगगाडी हे सगळं ओघाने येतंच. पॉल श्रेडरने १९७२ साली त्याला ब्रेसाँ आणि ड्रेयर यांच्या पंक्तीला बसवून अतींद्रिय शैलीचा दिग्दर्शक ठरवलं, तेव्हापासून तर हा समज जवळपास कायमचा झाला. यात काहीच खरं नाही असं नाही. पण या वाचनात एक मोठी गोष्ट निसटते. ओझू, मिकिओ नारुसे, केइसुके किनोशिता यांच्या चित्रपटांतली माणसं अनित्यतेबद्दल फार बोलत नाहीत. ती पैशांबद्दल बोलतात. कुणाचा पगार किती, कुणी कुणाकडून उसने घेतले, हप्ता किती, प्रवासखर्च कुणी द्यायचा. माझं म्हणणं असं की हे चित्रपट आधी घरातली जमाखर्चाची वही म्हणून वाचायला हवेत. जपानी समाज १९४५ ते १९६५ या वीस वर्षांत जसा पालटला त्याची नोंद या वहीत आहे. त्यांतलं दुःखसुद्धा त्या बेरीज-वजाबाकीतूनच आलेलं आहे.

हे सगळं घरातच का नोंदलं गेलं, याचं कारण त्या काळाच्या कायद्यात आहे. १५ ऑगस्ट १९४५ला जपानने शरणागती जाहीर केली आणि एप्रिल १९५२पर्यंत देश अमेरिकेच्या नेतृत्वाखालच्या लष्करी प्रशासनाच्या ताब्यात राहिला. नोव्हेंबर १९४५मध्येच या प्रशासनाने चित्रपटांसाठी तेरा निषिद्ध विषयांची यादी काढली. युद्धखोरी, सूडाचा गौरव, सरंजामी निष्ठा यांच्या जोडीला स्त्रियांच्या दास्याला दिलेली मान्यताही त्या यादीत होती. पडद्यावरच्या चुंबनाला मात्र उत्तेजन मिळालं. १९४६च्या मे महिन्यात ‘हाताची नो सेइशुन’ या चित्रपटातलं चुंबन लोकशाहीची पताका म्हणून झळकलं, आणि लोकशाही अशीही येऊ शकते हे पाहून प्रेक्षक बुचकळ्यात पडले असतील तर नवल नाही. खरा बदल पताकेत नव्हता, राज्यघटनेत होता. ३ मे १९४७पासून अमलात आलेल्या घटनेच्या चोविसाव्या कलमाने विवाह फक्त दोघांच्या संमतीवर आणि समान हक्कांवर उभा केला. त्याचा मसुदा लिहिणाऱ्या बीआटे सिरोटाचं बालपण टोकियोत गेलं होतं आणि लिहिताना ती अवघ्या बावीस वर्षांची होती. पाठोपाठ १ जानेवारी १९४८पासून दिवाणी कायदा बदलला. तोवर घराचा एक कायदेशीर प्रमुख असे, घरातल्यांच्या लग्नाला त्याची संमती लागे आणि घरदार थोरल्या मुलाकडे जाई. हे एका झटक्यात गेलं, सगळ्या मुलांना सारखा वाटा आला. संसदेत आणि कारखान्यांतही उलथापालथ झाली, पण सामान्य माणसाला नवा कायदा भेटला तो जेवणाच्या टेबलावर.

अर्थात सुरुवातीला टेबलावर जेवणच नव्हतं. फेब्रुवारी १९४६मध्ये सरकारने बँकांतल्या ठेवी गोठवल्या आणि महागाईने उरल्यासुरल्या पैशांची माती केली. अकिरा कुरोसावाचा ‘वन वंडरफुल संडे’ (१९४७) हा एका प्रेमी जोडप्याच्या सुट्टीच्या दिवसाचा चित्रपट, पण त्याचा खरा नायक म्हणजे दोघांच्या खिशातले मिळून पस्तीस येन. मैफलीची स्वस्त तिकिटं काळाबाजारवाले आधीच उचलतात आणि चढ्या भावाने विकतात, त्यामुळे शुबर्ट ऐकायचा राहून जातो. ओझूच्या ‘अ हेन इन द विंड’मध्ये (१९४८) नवरा अजून युद्धावरून परतलेला नाही, मूल आजारी पडतं, आणि दवाखान्याचं बिल भागवायला आई एका रात्रीपुरतं शरीर विकते. नवरा परततो तेव्हा चित्रपट नीतीचा होऊन बसतो आणि, खरं सांगायचं तर, तिथे तो घसरतो. लक्षात राहतं ते बिल.

‘अर्ली समर’मध्ये हा काळ सरलेला आहे. नोरिकोसाठी साहेबांच्या ओळखीतलं एक श्रीमंत स्थळ आलेलं असतं, घरचे खुशीत असतात. आणि एका संध्याकाळी ती शेजारच्या बाईकडे जाते. तिचा विधुर मुलगा, हाच तो केक खाणारा केन्किची, छोट्या मुलीला घेऊन उत्तरेला अकिताला बदलीवर निघालेला आहे. तुझ्यासारखी सून मिळाली असती तर, असं म्हातारी आपल्या मनातलं बोलून जाते. नोरिको तिथल्या तिथे होकार देते. म्हातारीला काय बोलावं सुचत नाही आणि आनंदाच्या भरात ती विचारते, गोड पाव खाशील का? (हारुको सुगिमुराने हा एक क्षण असा केला आहे की बाकी सगळा अभिनय त्यापुढे फिका पडावा.) घरी गेल्यावर नोरिकोला अक्षरशः आरोपीसारखं बसवून जाब विचारला जातो. थोरला भाऊ चिडतो, आईला वाईट वाटतं. पण अडवणार कोण? दहा वर्षांपूर्वी घराच्या प्रमुखाने नकार दिला असता तर प्रश्न मिटला असता. आता भावाकडे फक्त नाराजी उरली आहे, अधिकार उरलेला नाही. नोरिकोकडे नवा कायदा आहे आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे स्वतःचा पगार. केक विकत आणणारी आणि नवरा निवडणारी नोरिको एकच आहे. तिच्या लग्नाबरोबर घर पांगतं, म्हातारे आईवडील यामातो प्रांतातल्या गावाकडे जातात. इथे ओझू हळहळतो हे खरं, पण नोरिकोने चूक केली असं तो कुठेही सुचवत नाही.

आता ‘टोकियो स्टोरी’कडे (१९५३) वळायला हवं, कारण माझ्या म्हणण्याची खरी कसोटी तिथेच लागते. ओनोमिचीचे म्हातारा-म्हातारी मुलांना भेटायला टोकियोला येतात, डॉक्टर मुलगा आणि ब्युटी पार्लर चालवणारी मुलगी यांना वेळ नसतो आणि युद्धात गेलेल्या मुलाची विधवा नोरिको, म्हणजे परक्या घरची मुलगी, त्यांना जिव्हाळा देते. स्वार्थी मुलं, गुणी सून, हरवत चाललेली माया असा याचा अर्थ सगळीकडे लावला जातो, आणि आपल्याकडच्या प्रेक्षकाला तर तो लगेच पटतो. पण वेळ कुणाकडे आहे आणि का, याचा हिशेब मांडून पाहा. मुलगा कोइची उपनगरात स्वतःचा दवाखाना चालवतो. रविवारी आईवडिलांना फिरवायला निघताना पेशंटचं बोलावणं येतं आणि बेत रद्द होतो. मुलगी शिगेचं दुकान घरातच आहे, ते बंद ठेवलं तर त्या दिवसाची कमाई बुडाली. दोघंही स्वतःच्या धंद्यावर जगणारी माणसं आहेत, त्यांना रजा देणारा कुणी नाही. नोरिको मात्र ऑफिसात कारकून आहे. ती साहेबांकडे एक दिवसाची सुट्टी मागते, ती मिळते, आणि सासू-सासरे पर्यटकांच्या बसमधून टोकियो पाहतात. ओसाकाचा मुलगा रेल्वेत आहे आणि तो आईच्या मृत्यूच्या वेळेला पोचत नाही, कारण कामानिमित्त बाहेरगावी गेलेला असतो. या घरात माया कमी-जास्त असेलही, पण तिची वाटणी झाली आहे ती कामाच्या वेळापत्रकाप्रमाणे.

यावर कुणी म्हणेल की हा सगळा निर्दय हिशेबीपणा झाला, नोरिकोचा चांगुलपणा तुम्ही एका रजेच्या अर्जात बसवलात. शिवाय शिगे तर सरळसरळ चिक्कू आहे. नवरा सासू-सासऱ्यांसाठी चांगली मिठाई आणतो तर ही म्हणते, एवढी महाग कशाला, त्यांना खारी बिस्किटं चालली असती. अंत्यविधी उरकून जेवायला बसल्याबरोबर ती आईचा किमोनो आणि कमरपट्टा मागते. आक्षेप रास्त आहे, आणि स्वभावाला स्वभाव म्हणायलाच हवं. नोरिको स्वतः गरीब आहे, एका खोलीत राहते, सासऱ्यांना साके द्यायची तर बाटली आणि पेला दोन्ही शेजारणीकडून आणते आणि तरीही सासूच्या हातात कागदात गुंडाळलेले पैसे ठेवते. ते पैसे रजेच्या अर्जातून आलेले नाहीत. पण ओझू आणि त्याचा सहलेखक कोगो नोदा यांनी एक प्रश्न मुद्दाम उघडा ठेवला आहे: आईवडिलांना सांभाळायची जबाबदारी आता नेमकी कुणाची? जुन्या व्यवस्थेत उत्तर ठरलेलं होतं. थोरला मुलगा, थोरली सून, वडिलोपार्जित घर. नव्या कायद्याने वाटा सगळ्यांना सारखा दिला, त्याबरोबर कर्तव्यही सगळ्यांत सारखं पातळ झालं. म्हणून भावंडं वर्गणी काढतात आणि म्हाताऱ्यांना अतामीच्या समुद्रकाठी स्वस्तातल्या हॉटेलात पाठवतात, तेच सोयीचं आणि कमी खर्चाचं पडतं. तिथे रात्रभर गाणी, माजोंग, गोंगाट. दोघं लवकर परततात तर शिगेकडे त्या रात्री व्यवसायातल्या बायकांची बैठक ठरलेली. म्हातारा हसत हसत बायकोला म्हणतो की आता आपण खरेच बेघर झालो. या वाक्यात कुणाचाच दुष्टपणा नाही. खोल्या मोजल्या तर तो जे म्हणतो ते शब्दशः खरं आहे.

दुसरा एक आक्षेप अभ्यासकांकडून येतो आणि तो जास्त टणक आहे. सामान्य घरांच्या कहाण्या हा जपानी चित्रपटाचा युद्धापूर्वीपासूनचा ठरलेला प्रकार आहे. शोचिकू कंपनीचा प्रमुख शिरो किदो याने विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकापासूनच स्त्रीप्रेक्षक डोळ्यांपुढे ठेवून तो जोपासला होता. तेव्हा घर, पैसा, पगार हे विषय त्या साच्यातच होते, त्यांत युद्धोत्तर बदल शोधणं म्हणजे साच्यालाच इतिहास समजणं झालं. याचं उत्तर सुदैवाने ओझूनेच देऊन ठेवलं आहे, कारण त्याने एकच साचा सत्तावीस वर्षांच्या अंतराने दोनदा वापरला. १९३२च्या ‘आय वॉज बॉर्न, बट…’ या मूकपटात दोन भाऊ बापाला साहेबापुढे विदूषकी चाळे करताना पाहतात आणि अन्नत्याग करतात. १९५९च्या ‘ओहायो’मध्ये पुन्हा दोन भाऊ, पुन्हा संप, फक्त या वेळी मौनाचा. आणि मागणी? टीव्ही. शेजाऱ्यांकडे सुमो कुस्त्या बघायला मिळतात, आपल्याकडे का नाही. पहिल्या संपात पोरं विचारत होती की आपला बाप मोठा का नाही. दुसऱ्या संपात बापाच्या मोठेपणाचा प्रश्नच उरला नाही, त्याने वस्तू आणली की झालं. साचा तोच राहिल्यामुळेच आतलं काय बदललं ते एवढं लख्ख दिसतं.

‘ओहायो’ हा पादण्याच्या विनोदांसाठी प्रसिद्ध असलेला, वरकरणी हलका चित्रपट आहे, पण आर्थिक तपशिलात तो ओझूच्या कुठल्याही गंभीर चित्रपटाला हार जाणार नाही. बंधाऱ्याच्या पायथ्याशी एकसारखी, भिंतीला भिंत लावून बांधलेली छोटी घरं. महिला मंडळाची वर्गणी गहाळ होते आणि त्याच सुमारास मंडळाच्या अध्यक्षीणबाईंकडे वॉशिंग मशीन येतं, बस्स, कुजबुज सुरू. वर्गणी म्हातारीच्या विसराळूपणामुळे अडकलेली असते, पण शेजारणींनी मनातल्या मनात दोन रकमा जोडून टाकलेल्या असतात. जपानी वर्तमानपत्रांनी टीव्ही, वॉशिंग मशीन आणि फ्रीज यांना त्या काळी सम्राटाच्या राजचिन्हांच्या चालीवर तीन पवित्र वस्तू म्हणायला सुरुवात केली होती. या वस्तू घराघरांत एकाच वेळी येत नव्हत्या, त्यामुळे कुणाकडे आधी काय आलं हे बघणं हा गल्लीचा उद्योग झाला. त्याच गल्लीत एक निवृत्त माणूस आहे. पंचावन्नाव्या वर्षी कंपनीने घरी बसवलेला, नोकरीच्या शोधात, दारू पिऊन चुकून शेजारच्या घरात शिरणारा. शेवटी त्याला विजेच्या उपकरणांच्या विक्रेत्याची नोकरी मिळते. मुलांचा बाप अखेर टीव्ही घेतो तो मुलांच्या हट्टाइतकाच या शेजाऱ्याला पहिलं गिऱ्हाईक मिळावं म्हणून. टीव्हीमुळे दहा कोटी जपानी मूर्ख बनतील, हे त्या काळी गाजलेलं मत बाप मधेच ऐकवतो आणि तरीही खोकं घरात येतं. पुढे आपलंही निवृत्तीचं वय येणार आहे हे त्याला ठाऊक आहे. सार्वत्रिक राष्ट्रीय पेन्शनचा कायदा त्याच वर्षी, १९५९मध्ये, झाला. तोवर शेजारधर्म हीच पेन्शन होती.

१९५६च्या सरकारी आर्थिक श्वेतपत्रिकेने युद्धोत्तर काळ संपला असं जाहीर केलं होतं. त्याच्या आदल्या वर्षी स्थापन झालेल्या गृहनिर्माण महामंडळाने शहरांच्या कडेला काँक्रीटच्या इमारती उभ्या करायला घेतल्या, दोन खोल्या आणि जेवणाचं टेबल मावेल एवढं स्वयंपाकघर. नवरा, बायको, फार तर दोन मुलं. आजीआजोबांची जागा नकाशातच नव्हती. ओझूच्या शेवटच्या चित्रपटात, ‘ॲन ऑटम आफ्टरनून’मध्ये (१९६२), थोरला मुलगा अशाच इमारतीत राहतो. नवरा-बायको दोघं कमावतात, तरी फ्रीजसाठी तो बापाकडे पन्नास हजार येन मागायला जातो आणि उरलेल्यात मित्राकडचे जुने गोल्फ क्लब घ्यायचा त्याचा डाव असतो. बायको तो हाणून पाडते. नवरा दिवसभर फुगून बसतो. मग ती हप्ते भरायला तयार होते, पण त्या बदल्यात आपल्यासाठी पर्स घेणार असं तिथेच कबूल करून घेते. हा प्रसंग गमतीचा म्हणून सोडून देऊ नये. पूर्वी ज्याच्या शब्दावर घर चालायचं तो बाप इथे बिनव्याजी कर्ज देणारी पतपेढी झाला आहे आणि घराची तिजोरी सुनेच्या हातात गेली आहे. कायद्याने जे चौदा वर्षांपूर्वी कागदावर केलं, ते आता फ्रीजच्या निमित्ताने व्यवहारात उतरलेलं दिसतं.

ओझूची माणसं निदान उसने मागू शकतात. नारुसेच्या माणसांना तेही जमत नाही, आणि म्हणून बदलाची किंमत कुणी मोजली हे पाहायचं तर त्याच्याकडेच जायला हवं. ‘मिदारेरु’ (१९६४) या चित्रपटाची सुरुवात शिमिझू शहराच्या रस्त्यावरून कर्णा लावून फिरणाऱ्या सुपरमार्केटच्या गाडीने होते. दुकानात अंडं अकरा येनला आहे, सुपरमार्केट पाच येनला विकतंय. बाजारपेठेतल्या छोट्या दुकानदारांना हे गणित सुटणं शक्यच नाही, त्यांतला एक आत्महत्या करतो. एका बारमध्ये सुपरमार्केटची माणसं तिथल्या बायकांना उकडलेली अंडी खायची शर्यत लावतात, पैसे फेकतात, आणि ज्याच्या घरचं दुकान बुडतंय तो तरुण कोजी ते पाहून मारामारीवर येतो. त्या दुकानाची खरी चालक आहे त्याची विधवा वहिनी रेइको, म्हणजे हिदेको ताकामिने. लग्नानंतर काही महिन्यांतच नवरा युद्धात गेला. बाँबहल्ल्यात जळालेलं दुकान तिने पुन्हा उभं केलं आणि अठरा वर्षं चालवलं. आता दुकानाच्या जागी आपणच सुपरमार्केट काढावं असा बेत घरात शिजतो आणि पहिला प्रश्न निघतो तो हा की वहिनीचं काय करायचं. नणंदा तिच्यासाठी स्थळं बघू लागतात, अगदी गोड बोलून. तिची अठरा वर्षं कुठल्याच खात्यात जमा झालेली नाहीत. नव्या कायद्याने मुलींना वाटा दिला, लग्न करून दुसऱ्या घरी गेलेल्या नणंदांनाही दिला. सासरच्या धंद्यात राबलेल्या विधवा सुनेचा त्यात उल्लेख नव्हता.

दीर कोजीचं वहिनीवर प्रेम असतं आणि चित्रपटाचा उत्तरार्ध त्या प्रेमाच्या शोकांतिकेकडे वळतो. म्हणून काही जण अंड्यांच्या भावाला फक्त पार्श्वभूमी मानतात. मला हे पटत नाही. दुकान टिकलं असतं तर दोघं एका छपराखाली, न बोलता, म्हातारी होईपर्यंत राहिली असती. रेइको घर सोडते ती दिराने मन उघडं केल्यानंतर, पण ज्या दुकानामुळे तिला त्या घरात स्थान होतं ते दुकान त्याआधीच पाच येनच्या अंड्याने नेलेलं असतं. नारुसेच्या बहुतेक नायिका अशाच हिशेबाच्या टोकाला उभ्या आहेत. ‘फ्लोइंग’मध्ये (१९५६) गेइशांचं घर कर्जात बुडत असताना मालकिणीची मुलगी शिलाई मशीनवर बसते. ‘व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स’मध्ये (१९६०) गिंझातल्या बारची बाई किमोनो, भाडं आणि भावाच्या मागण्या यांची तोंडमिळवणी करता करता थकते. कुणी हिला आधुनिक स्त्री म्हणेल, कुणी परंपरेची बळी. नारुसे फक्त तिचा महिन्याचा खर्च दाखवतो.

तरीही हे सगळं मध्यमवर्गाभोवती किंवा निम्न मध्यमवर्गाभोवती फिरतं, हा आक्षेप उरतोच, आणि तो पूर्ण पुसता येणार नाही. केंजी मिझोगुचीचा ‘आकासेन चिताइ’ (१९५६) वेश्यावस्तीत घडतो. तिथे रेडिओवर वेश्याव्यवसायबंदीच्या विधेयकाच्या बातम्या चालू असतात, एक बाई क्षयरोगी नवरा आणि तान्हं मूल पोसते, दुसरी इतरांना व्याजाने पैसे देऊन शेवटी गाद्यांच्या दुकानाची मालकीण होते. चित्रपट मार्चमध्ये लागला, कायदा मेमध्ये मंजूर झाला. किरिओ उरायामाच्या ‘क्युपोला’त (१९६२) कावागुचीच्या ओतकामाच्या भट्ट्यांवरून काढून टाकलेला बाप आहे, हायस्कूलची फी कुठून आणायची या विवंचनेतली मुलगी आहे आणि जहाजाने उत्तर कोरियाला निघालेली तिची कोरियन मैत्रीण आहे. सुसुमु हानीच्या ‘शी अँड ही’मध्ये (१९६३) नव्या काँक्रीट वसाहतीतली गृहिणी खिडकीतून खालच्या भंगारवाल्यांच्या झोपड्या पाहते आणि पाहून गप्प बसू शकत नाही. म्हणजे हिशेबाची ही दृष्टी इतर वर्गांपर्यंतही पोचली होती. ओझूच्या खिडकीतून मात्र ती झोपडी कधी दिसत नाही, हे मान्यच करायला हवं.

याहून गंभीर आरोप नागिसा ओशिमाच्या पिढीने केला. घरातल्या चटईवर बसून सुस्कारे टाकणारा हा सिनेमा राजकारणापासून तोंड फिरवतो, असं त्यांचं म्हणणं होतं. ओशिमाने याच शोचिकूमध्ये ‘नाइट अँड फॉग इन जपान’ (१९६०) काढला आणि कंपनीने तो चार दिवसांत थिएटरांतून उतरवला, तेव्हा हा राग निव्वळ पोरकट नव्हता. आरोपातला एक भाग मला खोटा वाटतो. वारसाहक्क, पेन्शन, घरबांधणी, किरकोळ व्यापार हे राजकारण नसेल तर काय आहे? दुसरा भाग खरा आहे. या घरांच्या भिंतींवर युद्धात न परतलेल्या मुलाचा फोटो असतो. ‘अर्ली समर’मध्ये तो बेपत्ता आहे, ‘टोकियो स्टोरी’त मृत. तो गेला याचं दुःख पडद्यावर येतं. तो चीनमध्ये किंवा दक्षिणेकडे असताना काय करत होता, हे कुणी विचारत नाही. ओझू स्वतः १९३७ ते १९३९ चीनमध्ये सैनिक होता. ‘ॲन ऑटम आफ्टरनून’च्या बारमध्ये नौदलाचं जुनं संचलनगीत वाजतं, एकेकाळचा खलाशी आपल्या जुन्या कप्तानाला सलाम ठोकतो आणि विचारतो की आपण जिंकलो असतो तर आज न्यूयॉर्कमध्ये असतो ना? कप्तान म्हणतो, हरलो तेच बरं झालं. खलाशीही विचार करून मान डोलावतो. या वहीतलं युद्धाचं पान एवढंच. आशियातल्या इतर देशांचं देणं त्यात लिहिलेलं नाही, आणि हे देणं ओझूच्या सौंदर्यदृष्टीचं कौतुक करून फिटणार नाही.

मग अशा अपुऱ्या वहीवर विश्वास कितपत ठेवायचा? शेवटी ही घरं स्टुडिओत उभी केलेली होती, संवाद लिहिलेले होते. विश्वास ठेवायचं कारण प्रेक्षक. १९५८ साली जपानमध्ये चित्रपटांची ११२ कोटी ७० लाख तिकिटं विकली गेली आणि लोकसंख्या सव्वानऊ कोटींच्या आत होती. म्हणजे तान्ह्या बाळांसकट दरडोई वर्षाला बारा तिकिटं. अंड्याचा भाव, हप्त्याची रक्कम, शेजारणीकडून आणलेली साकेची बाटली यांत चूक झाली असती तर ती पकडणारे डोळे थिएटरात बसलेलेच होते, आणि त्यांतल्या पुष्कळांनी त्याच आठवड्यात ती अंडी विकत घेतलेली होती. युद्धात काय घडलं याबाबत हा प्रेक्षक डोळे मिटून घ्यायला राजी होता, भाजीच्या भावाबाबत नव्हता. वहीची बलस्थानं आणि तिच्यातल्या गाळलेल्या जागा दोन्ही एकाच ठिकाणाहून येतात. पुढच्या पाच वर्षांत ही तिकिटविक्री निम्म्याच्या खाली आली. ‘ओहायो’तल्या पोरांनी हट्टाने आणवलेल्या खोक्याने घरगुती कहाणीही घरातच नेली आणि ती रोजच्या मालिकांची मिरास झाली.

तरी चित्रपटांत हा धागा तुटला नाही. शोचिकूच्याच योजी यामादाने १९७० साली ‘काझोकू’ काढला. १९५०मध्ये जपानमधले जवळपास निम्मे कामकरी शेतीवर होते, १९७०पर्यंत ते प्रमाण एक पंचमांशाच्या आसपास आलं होतं, कोळशाच्या खाणीही मिटत होत्या. नागासाकीजवळच्या खाणीच्या बेटावरचं एक कुटुंब दूध-धंद्यासाठी थेट होक्काइदोला निघतं, आगगाडीने, अख्खा देश ओलांडून. वाटेत ओसाकाला जागतिक प्रदर्शन चालू आहे. ते दारापर्यंत जातात आणि तिथूनच मागे फिरतात. बरोबर म्हातारे आजोबा आहेत. त्यांना वाटेत फुकुयामाला धाकट्या मुलाकडे ठेवायचं असा बेत असतो. फुकुयामा म्हणजे ओनोमिचीच्या शेजारचंच शहर. मुलगा पोलाद कारखान्यात आहे, नोकरी पक्की आहे, पण घर एवढंसं की बापाला निजवायला जागा नाही. दोघे भाऊ खर्चाचं बोलतात, सुना एकमेकींकडे बघत नाहीत. शेवटी ठरतं की आजोबांनाही पुढे न्यायचं, आणि त्यांच्यासाठी होक्काइदोपर्यंतचं आणखी एक तिकीट काढलं जातं. आजोबांचं काम केलं आहे चिशू र्‍यू याने. सतरा वर्षांपूर्वी अतामीहून लवकर परतलेला म्हातारा तोच होता.